फुटेज कुणाच्या ताब्यात?

परवा सोसायटीच्या ग्रुपवर एक क्लिप फिरली. घरकामाला येणाऱ्या एक ताई लिफ्टच्या आरशात पाहून केस सारखे करताहेत, पदर नीट घेताहेत. जेमतेम अर्धा मिनिट. खाली हसऱ्या चेहऱ्यांची रांग. वॉचमनच्या केबिनमधल्या स्क्रीनवरून कुणीतरी मोबाइलवर ती उतरवून घेतली होती. कुणी, कशासाठी, हे एकानेही विचारलं नाही. मला याचा संताप आला, अजून आहे.

कॅमेरे नकोत, असं मी म्हणणार नाही. २६ नोव्हेंबर २००८ च्या हल्ल्यानंतर राम प्रधान समितीने शिफारस केली आणि २०१६ पर्यंत मुंबईत सुमारे ४,७०० कॅमेरे लागले. मंगळसूत्र हिसकावून पळालेल्याचा माग आज चौकाचौकांतल्या फुटेजवरून काढता येतो. रात्रपाळी करून परतणाऱ्या मुलीला त्या कॅमेऱ्याच्या खांबाचा आधार वाटतो, तो वाटायलाच हवा.

पण २४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी एकमताने खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरवला. सरकारला त्यात हात घालायचा तर कायद्याचा आधार हवा, हेतू रास्त हवा आणि उपाय गरजेपुरताच हवा. कसोटी सरकारसाठी असली, तरी सोसायटीनेही ती स्वतःला लावून पाहावी. चोरी झाली तर फुटेज जरूर तपासा. एरवी कुणाच्या घरी कोण किती वाजता आलं, हे कमिटीच्या मोबाइलवर दिवसभर कशाला दिसायला हवं?

सरकारचं वागणंही धड नाही. २०२३ च्या वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्यात आपल्याच यंत्रणांना सूट देण्याची मुभा केंद्राने स्वतःकडे ठेवली. आणि जिथे पहाऱ्याची खरी गरज, त्या पोलीस ठाण्यांचं काय? प्रत्येक ठाण्यात, कोठडीत कॅमेरे लावा, असं सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२० मध्ये बजावलं. सप्टेंबर २०२५ मध्ये, ते कॅमेरे चालत नाहीत म्हणून, त्याच न्यायालयाला स्वतःहून दखल घ्यावी लागली. ज्याच्या हातात दंडुका, त्याच्यावरचीच नजर अधू. हे मला मुळीच मान्य नाही.

सोसायट्यांच्या वार्षिक सभा ३० सप्टेंबरपर्यंत व्हायच्या असतात. विषयपत्रिकेत फुटेजचा विषय घालायला लावा. फुटेज किती दिवस ठेवायचं, कुणी पाहायचं, पाहिल्याची नोंद कुठल्या वहीत करायची, याचा लेखी ठराव करून घ्या. त्याची प्रत फाटकापाशी लावा, कामाला येणाऱ्यांनाही वाचता येईल अशी.