कायद्याच्या चार गोष्टी : न उचललेल्या ओझ्याची मजुरी

मंडळी, केरळात एक शब्द आहे, 'नोक्कुकूली'. म्हणजे नुसते बघत उभे राहण्याची मजुरी! मालकाने आपल्या माणसांकडून माल उतरवला, तरी संघटनेचे हमाल पैसे मागत. १ मे २०१८ पासून सरकारने ही प्रथा बंद केली. तरीही कुणी वाट अडवली, तर दुकानदार हायकोर्टात जातो आणि कोर्ट पोलिसांना संरक्षण द्यायला सांगते.

पण ध्यानात घ्या, हा हुकूम दमदाटी रोखण्यासाठी असतो, संप मोडण्यासाठी नव्हे. शांतपणे निदर्शने करण्याचा हक्क राहतोच. मजुरीच्या तंट्यासाठी तिथे १९७८ चा हमाल कायदा आहे. आपल्याकडे १९६९ चा माथाडी कायदा.

आपली पोती उचलणाराही गरिबाचाच लेक. घामाचे दाम बुडवू नये, बिनघामाचे मागू नये.