नुसत्या तर रेघा आहेत!

क्रोशा म्हटलं की डोळ्यांपुढे काय येतं? दाराचं तोरण, ताटावरचा रुमाल, टीव्हीवरचं कव्हर. (टीव्ही भिंतीवर गेले आणि कव्हरं कपाटात!) अंगात घालायचं काही असेल तर मात्र दोन सुयाच हव्यात. क्रोशाचं कापड ताणत नाही, पुठ्ठ्यासारखं उभं राहतं, असं भंडारा-तुमसरकडच्या अनेकजणींनी ठरवूनच टाकलंय. मला हे पटत नाही.

मुक्या खांबाच्या माथ्यावर वेणीसारखे दोन धागे असतात. सवयीने आपण सुई दोन्हींखालून घालतो. ती फक्त मागच्या धाग्यातून घाला आणि प्रत्येक ओळीला काम उलटवत जा. पुढचा मोकळा धागा कड होऊन वर येतो. एक ओळ उंच, एक खोल. कापड पेटीच्या भात्यासारखं मिटतं-उघडतं. मात्र ते ओळीच्या लांबीत ताणत नाही, एका ओळीकडून दुसरीकडे ताणतं. म्हणून स्वेटरची खालची पट्टी आडवी विणायची. पट्टी जेवढी रुंद हवी तेवढ्या साखळ्या आणि कमरेभोवती पुरतील एवढ्या ओळी. मग तिच्या कडेवर टाके उचलून अंग विणायचं. कंबर ३० इंच असेल तर पट्टी २७ इंचच ठेवा, तरच ती धरून बसते. आणि दुकानात लोकर म्हणून मिळतं ते बहुतेक ॲक्रिलिक असतं, त्यावर गरम इस्त्री फिरली की ताण गेलाच म्हणून समजा.

आता खरी गोष्ट. जाळीच्या कामापेक्षा या दाट पट्टीला दोरा जास्त लागतो, वेळही जास्त. पण तोरणाला सगळ्या ‘वा!’ म्हणतात आणि पट्टीला ‘नुसत्या तर रेघा आहेत’. वर ऐकवतात, ‘तिबेटी स्वेटरवाल्यांकडे याच्यापेक्षा स्वस्त मिळतो.’ मिळतो ना. गोठणगावची तिबेटी वसाहत १९७२ पासूनची. १९९९ मध्ये गोंदिया जिल्हा वेगळा होईपर्यंत ती आपल्याच भंडारा जिल्ह्यात होती. थंडीत स्वेटर विकणाऱ्या तिबेटी विक्रेत्यांचा माल मुख्यतः लुधियानाच्या मशीनवर विणलेला असतो. विणकामाची पट्टी मशीन चुटकीसरशी काढतं. खरा क्रोशा मात्र आजही कारखान्यात मशीनवर निघत नाही, तो हातानेच होतो. बाजारातली बरीचशी ‘क्रोशाची लेस’ ही मशीनने केलेली नक्कल असते. मग मशीनच्या भावाशी हाताचा भाव लावायचा कशाला?

पण दोष फक्त घेणारीचा नाही. ‘टीव्ही पाहता पाहता तर विणते, त्याचे काय पैसे?’ हे आपणच म्हणतो. आंध्रातल्या नरसापूरच्या बायका क्रोशाची लेस विणत आणि ती परदेशात जाई. जर्मन अभ्यासक मारिया मीस यांनी १९८२ मध्ये त्यांच्यावर पुस्तक लिहिलं. त्यात त्यांनी हेच दाखवलं की तासन् तास राबणाऱ्या या बायकांना ‘घरी बसणाऱ्या’ म्हटलं जाई आणि त्यांच्या कामाला ‘फावल्या वेळेचं’. त्यामुळे मजुरी कवडीमोल राही आणि नफा व्यापारी नेत.

समजा, एका स्वेटरला ४० तास लागले आणि लोकरीचे पैसे वजा जाता हातात ६०० रुपये आले, तर तासाला १५ रुपये पडले. बाई गं, एवढ्यात हल्ली बाहेर धड नाश्ताही होत नाही! म्हणून विणायला बसलात की वहीत वेळ टिपा. भाव सांगताना आधी तास सांगा, मग लोकर, मग रक्कम. समोरची मैत्रीण असली तरी. तीच मैत्रीण ब्लाऊजची शिलाई मुकाट्याने देते, आणि फॉल-पिकोचे वेगळे.