पुस्तकांच्या गावाला : तूरिन परत येणार का?



यावेळी आमच्याकडे एक गमतीचं पत्र आलंय. आठवीतल्या दोन मैत्रिणींनी ते मिळून लिहिलंय. मिळून कसलं, भांडून! अर्धं पत्र निळ्या शाईत, अर्धं काळ्या. निळी शाई म्हणते, "शेवटच्या लढाईत तूरिन परत येणार आणि मॉर्गॉथला मारणार. मी वाचलंय!" काळी शाई म्हणते, "पुस्तकात असं काही नाहीच. मीही वाचलंय!" चार दिवस झाले, दोघी एकमेकींना डब्यातलं देत नाहीत म्हणे. म्हणजे प्रकरण गंभीर आहे.

'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'चे सिनेमे तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी पाहिले असतील. ते जग रचलं जे. आर. आर. टॉल्किन या इंग्रज प्राध्यापकांनी. त्या जगाची अगदी सुरुवातीपासूनची कथा 'सिल्मारिलियन' या पुस्तकात आहे. सूर्यचंद्र नव्हते तेव्हा दोन झाडं उजेड देत. फेआनोर नावाच्या कारागिराने तो उजेड तीन रत्नांत साठवला. दुष्ट मॉर्गॉथने झाडं मारली, रत्नं पळवली. झाडं पुन्हा जगवायची तर रत्नं फोडावी लागणार होती, पण फेआनोर ती द्यायला तयार झाला नाही. पुढे पिढ्यानपिढ्या लढाया झाल्या. अखेर मॉर्गॉथला जगाबाहेरच्या अंधारात ढकललं गेलं आणि रत्नं एक जमिनीत, एक समुद्रात, एक आकाशात अशी विखुरली.

तूरिन हा याच कथेतला सर्वांत दुर्दैवी वीर. मॉर्गॉथने त्याच्या घराण्याला शाप दिला होता. बिचाऱ्याने जे चांगलं करायला जावं ते उलटंच व्हावं! जिवलग मित्रसुद्धा अंधारात, चुकून, त्याच्याच हातून मारला गेला.

आता भाकीत ऐका. मृतांचा राखणदार मांडॉस याने ते सांगितलं. जग म्हातारं होईल तेव्हा मॉर्गॉथ परत येईल, सूर्यचंद्र नष्ट करील. मग शेवटची लढाई होईल आणि तूरिनच्या काळ्या तलवारीने मॉर्गॉथचा अंत होईल. तिन्ही रत्नं परत मिळतील आणि या वेळी फेआनोर स्वतः ती देऊन टाकील. झाडांना पुन्हा पालवी फुटेल, डोंगर सपाट होतील आणि उजेड साऱ्या जगावर पसरेल.

किती छान! मग ते 'सिल्मारिलियन'मध्ये का नाही?

गंमत अशी, की टॉल्किन आजोबांनी हे पुस्तक पुरं केलंच नाही. साधारण 1930 पासूनच्या मसुद्यांत हे भाकीत आहे. 1951 साली एका प्रकाशकाला लिहिलेल्या लांबलचक पत्रातही त्यांनी कथेचा शेवट असाच सांगितला होता. पण 1958 च्या सुमाराला त्यांनी दुसऱ्या एका प्रकरणाच्या शेवटी वेगळंच लिहिलं. जगाला लागलेला डाग कधी पुसला जाईल की नाही, हे थोर देवांना कदाचित ठाऊक असेल, पण त्यांनी ते सांगितलेलं नाही आणि मांडॉसच्या भाकितांतही ते नाही!

1973 मध्ये टॉल्किन वारले. मागे राहिला कागदांचा ढीग. तो उपसायला बसला मुलगा ख्रिस्तोफर. हा मुलगा लहानपणापासून चिकित्सक, बरं का! वडील 'हॉबिट'ची गोष्ट सांगत असताना त्याने मध्येच टोकलं होतं, "गेल्या वेळी बिल्बोचा दरवाजा निळा होता, आज हिरवा कसा?" वडील वैतागले, पण उठून टिपण करून आले!

ख्रिस्तोफरने वडिलांचं नंतरचं लिखाण प्रमाण मानलं. 1977 साली 'सिल्मारिलियन' छापलं तेव्हा भाकीत गाळलं आणि तीच "ठाऊक नाही"वाली वाक्यं शेवटी ठेवली. पण जुने कागद त्याने दडवले नाहीत. 1983 ते 1996 या काळात बारा जाडजूड खंडांत ते छापले, खाडाखोडीसकट. त्यातच वडिलांच्या अखेरच्या वर्षांतलं एक टिपण सापडतं. त्यात तूरिन परत येतो खरा, पण मारतो एका महाकाय ड्रॅगनला! आणि हे भाकीत मांडॉसचं नाही, आंद्रेथ नावाच्या एका शहाण्या बाईचं. घोटाळा असा, की 'सिल्मारिलियन'मध्ये हाच ड्रॅगन त्याआधीच दुसऱ्या वीराकडून मेलेला आहे. आणि त्याच पुस्तकात एका गर्विष्ठ राजाला 'शेवटच्या लढाईपर्यंत' गुहेत कोंडल्याचा उल्लेखही राहिला आहे. म्हणजे लढाई कुठेतरी आहेच!

तेव्हा मैत्रिणींनो, निवाडा ऐका. दोघीही खरं बोलताय. निळ्या शाईने जुने मसुदे वाचले, काळ्या शाईने छापलेलं पुस्तक. "पुस्तकात लिहिलंय" म्हणताना कुठल्या पुस्तकात, कधी लिहिलेलं, एवढं सांगितलं असतं तर डबे बंद झाले नसते.

खरं सांगू? मलाही निळ्या शाईचीच बाजू घ्यावीशी वाटते. तूरिनने इतकं सोसलं, त्याला एकदा तरी जिंकू दे, असं मनापासून वाटतं. पण आपल्याला वाटतं म्हणून ते ठरलेलं आहे, असं होत नाही ना! आणि दुसरी बाजूही पाहा. शेवटी उजेड येणारच अशी खात्री नसताना जी माणसं अंधाराशी झगडली, त्यांचं धाडस मोठं की लहान?

तुम्ही ख्रिस्तोफरच्या जागी असता तर भाकीत ठेवलं असतं की गाळलं असतं? कारणासकट लिहून पाठवा. आणि हो, आधी डबे उघडा!