आधी आक्षेपाला उत्तर द्या

संपादक महोदय,


थकबाकीदार कोर्टबाजी करून वसुली लांबवतात, हे आपले संपादकीय वाचले. बँकेच्या वसुली विभागात मी बावीस वर्षे काढली आहेत, त्यामुळे निम्मे पटले. लिलावाच्या आदल्या दिवशी स्टेसाठी धावणारे महाभाग मीही पाहिलेत. पण साधा कर्जदार वकिलाची फी भरून तिथवर का जातो, याचे उत्तर बरेचदा बँकेच्याच टेबलावर पडलेले असते.

तारण मालमत्ता कोर्टाबाहेर ताब्यात घेऊ देणाऱ्या सरफेसी कायद्याची साठ दिवसांची नोटीस आली की कर्जदाराला आक्षेप घेता येतो आणि बँकेने तो नाकारल्यास त्याची कारणे पंधरा दिवसांत कळवायची असतात. ही काही बँकांची मेहेरबानी नव्हे. २००४ साली मर्डिया केमिकल्सच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने कान उपटले, म्हणून ती तरतूद कायद्यात आली. आमच्याकडे या उत्तराचा तीन ओळींचा मसुदा संगणकात तयार असे : ‘आपले आक्षेप तथ्यहीन असल्याने फेटाळण्यात येत आहेत.’ नाव आणि खाते क्रमांक बदलायचा, प्रिंट काढायची. एकदा आधीच्या कर्जदाराचे नाव तसेच राहिले आणि पत्र टपालात गेले. खाली सही माझीच होती.

निवृत्तीनंतर इचलकरंजीतले एक यंत्रमागवाले अशीच नोटीस घेऊन माझ्याकडे आले. खाते थकीत (एनपीए) झाल्यावर त्यांनी दोन लाख चाळीस हजार भरले होते, पावती होती, पण नोटिशीतल्या रकमेतून ते वजा नव्हते. त्यांनी आक्षेपात नेमके तेवढेच विचारले होते. उत्तर आले, तेच तीन ओळींचे.

आता या उत्तराविरुद्ध त्याच टप्प्यावर कर्जवसुली न्यायाधिकरणात (डीआरटी) जाता येत नाही, तसे कायद्यातच लिहिले आहे. दिवाणी न्यायालयाचे दार कलम ३४ ने बंद. २०१० च्या सत्यवती टंडन निकालापासून उच्च न्यायालयेही अशी रिट सहसा दाखल करून घेत नाहीत. म्हणजे दारावर ताब्याची नोटीस चिकटेपर्यंत थांबायचे आणि मग ४५ दिवसांत पुण्याचे डीआरटी गाठायचे. तिथे हरलात, तर अपिलासाठी निम्मी रक्कम भरा. फार तर ती पाव हिश्श्यावर, म्हणजे २५ टक्क्यांवर, येईल. शिवाय २०१६ च्या दुरुस्तीनंतर पैसे भरून तारण सोडवण्याचा हक्क लिलावाची जाहिरात छापून येईपर्यंतच उरतो. मग माणूस धावत सुटणार नाही तर काय करील? आणि हे फक्त मोठ्या बँकांपुरते नाही. सहकारी बँकांनाही हा कायदा लागू आहे, असा निकाल घटनापीठाने २०२० साली दिला, तोही आमच्याच जिल्ह्यातल्या मुरगूडच्या एका बँकेच्या प्रकरणात.

यावर उपाय म्हणून कायदा बदलायचीही गरज नाही. प्रत्यक्ष ताब्यासाठी बँक कलम १४ खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते, तेव्हा आक्षेपांचा विचार केला आणि कारणे कळवली, असे शपथपत्रावर लिहून द्यावे लागते. ते ठोकळेबाज शपथपत्र फायलीला लागते आणि आदेश निघतो. आक्षेपाला दिलेल्या उत्तराची प्रत आणि पूर्ण खातेउतारा सोबत जोडल्याशिवाय अर्ज घ्यायचा नाही, एवढे जिल्हाधिकारी कार्यालयांनी ठरवावे. मुद्दामहून वेळ काढणाऱ्याचे पितळ त्या उताऱ्यानेच उघडे पडेल. बँकांनी वसुली मंदावण्याची ओरड करू नये. उतारा काढायला दहा मिनिटे लागतात, मी काढलेले आहेत.

यंत्रमागवाल्यांचे पैसे अखेर सापडले. पुण्याच्या डीआरटीतल्या चौथ्या तारखेला बँकेच्या वकिलांनी उतारा दाखल केला, तेव्हा ते तात्पुरत्या नोंदींच्या सस्पेन्स खात्यात पडून असल्याचे दिसले. तोवर बारा मागांपैकी चार भंगारात गेले होते.

आपला,
एक निवृत्त वसुली अधिकारी, कोल्हापूर