चित्रं काढून पोट भरते काय?

आमच्या धामणगावात एखादं पोट्टं चित्र काढताना सापडलं की घरचे दोनच प्रश्न विचारतात. पहिला, ‘अभ्यास झाला काय?’ आणि दुसरा, ‘चित्रं काढून पोट भरते काय, बाप्पा?’ पहिल्यावर थाप मारता येते. दुसऱ्यावर मी बरीच वर्षं अडकून होतो.

मी जिथं शिकलो त्या कॉलेजच्या भित्तिपत्रकावर एकदा मी हॉस्टेलच्या पाण्याच्या टाकीचं कार्टून लावलं. टाकीत एक बेडूक आरामात पोहतोय आणि म्हणतोय, ‘फी मी पण भरली आहे.’ एवढंच. दुपारपर्यंत चित्र गायब! कोणी काढलं, काहून काढलं, कोणीच सांगेना. संध्याकाळी एका मित्रानं त्याच चित्राच्या वीस झेरॉक्स काढल्या आणि रूमा-रूमांत वाटल्या. भिंतीवर राहिलं असतं तर जेवढ्यांनी पाहिलं असतं, त्याहून कितीतरी जास्त लोकांनी ते पाहिलं. टाकीही धुतली गेली. पण परीक्षा संपल्यावर, म्हणून श्रेय मागत नाही.

या धंद्याला जगात नाव आहे, हे मला फार उशिरा कळलं. अंडरग्राउंड कॉमिक्स. अंडरग्राउंड म्हणजे पोलिसांपासून लपूनछपून केलेलं असं काही नाही. कुठल्या संपादकाला न विचारता काढायचं, स्वतः छापून घ्यायचं आणि स्वतःच विकायचं. रॉबर्ट क्रम्ब या अमेरिकन पोरानं 1968 साली ‘झॅप’चा पहिला अंक काढला आणि सॅन फ्रान्सिस्कोच्या रस्त्यावर बाळाच्या ढकलगाडीत ठेवून विकला. त्याआधी हा माणूस शुभेच्छापत्रांच्या कंपनीत नोकरीला होता, गोड-गोड कार्डं रंगवायचा. पुढे या कॉमिक्समध्ये बायकांची जी चित्रं येऊ लागली ती पाहून ट्रिना रॉबिन्स आणि तिच्या मैत्रिणी वैतागल्या. त्यांनी 1970 मध्ये फक्त बायकांनी काढलेलं कॉमिक छापलं. उत्तर द्यायची ही पद्धत मला फार आवडते.

पण अमेरिका कशाला, गोव्यात बघा ना. ओरिजित सेन हे चित्रकार तिथं राहतात. जन्म कोलकात्याचा, शिक्षण अहमदाबादच्या एनआयडीत. 1994 मध्ये त्यांचं ‘रिव्हर ऑफ स्टोरीज’ आलं, साठेक पानांचं, काळ्या-पांढऱ्या चित्रांचं. भारतातली पहिली ग्राफिक कादंबरी म्हणून आज त्याचं नाव घेतात. विषय नर्मदेचं धरण. पुस्तकात धरणाचं नाव बदललंय, पण कुठल्या धरणाची गोष्ट आहे ते लगेच कळतं. विष्णू नावाचा तरुण पत्रकार त्या खोऱ्यात जातो. दुसऱ्या बाजूला मालगू गायन हा आदिवासी गायक नदीच्या जन्माची गोष्ट गातो. ते पुस्तक कुठल्या मोठ्या प्रकाशनानं काढलं नाही, ‘कल्पवृक्ष’नं काढलं. ही संस्था 1979 मध्ये दिल्लीत शाळा-कॉलेजच्या पोरापोरींनी सुरू केली, आता तिचा कारभार पुण्यातून चालतो. म्हणजे तुमच्याच वयाची पोरं!

आणि नर्मदेचं पाणी आपलंही आहे. बुडणारं महाराष्ट्रातलं पहिलं गाव मणिबेली, आजच्या नंदुरबार जिल्ह्यातलं. पुस्तक मात्र इंग्रजीत. ज्यांची गोष्ट, त्यांना ते कोणीतरी वाचून दाखवावं लागणार. ही माझी त्या पुस्तकावरची एकमेव तक्रार.

आता पोटाचं. अंक संपले आणि ‘रिव्हर ऑफ स्टोरीज’ कितीतरी वर्षं बाजारात मिळतच नव्हतं. चेन्नईच्या ‘ब्लाफ्ट’नं ते पुन्हा छापलं 2022 मध्ये. अठ्ठावीस वर्षांनी! त्यावर घर चालवायचं म्हटलं असतं तर झालंच. पण सेन आणि त्यांची पत्नी गुरप्रीत सिद्धू यांनी 1990 पासूनच दिल्लीच्या कनॉट प्लेसमध्ये ‘पीपल ट्री’ नावाचं दुकान टाकलं होतं. हातानं छापलेले टी-शर्ट, कापड, पुस्तकं. पुढे सेन यांनी आनंदपूर साहिबच्या ‘विरासत-ए-खालसा’ संग्रहालयात भलंमोठं भित्तिचित्र केलं. गोवा विद्यापीठाच्या पोरांना घेऊन म्हापशाच्या बाजाराचा चित्र-नकाशा केला. कॉमिक हे या सगळ्यातलं एक काम. आपल्याकडं अरुण कोलटकरांचं काही वेगळं नव्हतं. दिवसा जाहिरात कंपनीत, तीही नामांकित कामं. कविता अशोक शहाण्यांच्या ‘प्रास’कडं, आपल्याला हव्या तशा.

म्हणून ‘नोकरी सोड, पॅशनच्या मागं लाग’ असं सांगणाऱ्या मोटिव्हेशनल भाऊंवर माझा विश्वास नाही. नोकरी करा. आयटीआय करा, डीएड करा, फ्लेक्सवाल्याकडं डिझाइन करा. ज्या चित्रावर घरभाडं अवलंबून आहे त्या चित्रात गिऱ्हाईक बोट घालणारच. ज्यावर अवलंबून नाही तिथं कोणाच्या बापाचं चालत नाही.

स्वतःचं दुकान असलं की आणखी एक फायदा. 2018 च्या जानेवारीत एका मासिकाच्या मुखपृष्ठावर सोनम कपूरच्या अंगात ‘दिओर’चा ड्रेस होता. त्यावरची योगासनांची नक्षी सेन यांनी ‘पीपल ट्री’च्या ठशांसाठी काढलेली होती. त्यांनी फेसबुकवर जाहीर बोंब मारली. काही महिन्यांत पॅरिसच्या त्या कंपनीनं कोर्टाबाहेर पैसे देऊन तडजोड केली. डिझाइन स्वतःचं होतं, म्हणूनच बोलता आलं.

‘इन्स्टावर टाक ना, फुकट आहे,’ असं मित्र म्हणतात. टाका की. पण तिथंही संपादक आहे, फक्त तो दिसत नाही आणि चित्र का दाबलं ते सांगत नाही. आमच्या हॉस्टेलसारखंच.

भीती वाटते? वाटायला पाहिजे. असीम त्रिवेदीला 2012 मध्ये मुंबईत व्यंगचित्रांवरून राजद्रोहाच्या कलमाखाली अटक झाली होती. महिन्याभरात सरकारनं ते कलम मागे घेतलं. 2015 मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं सांगितलं, हिंसेला चिथावणी नसेल तर सरकारवरची टीका राजद्रोह होत नाही. हे माहीत असू द्या, आणि दुसऱ्याच्या जातीवर, शरीरावर हसून स्वतःला बंडखोर समजू नका.

आपल्याकडं विषयांची काही टंचाई नाही. कापूस घरात भरून भावाची वाट पाहणारा बाप, समृद्धी महामार्गात वावर गेलं तेव्हा आलेला पैसा आणि दोन वर्षांत तो कुठं गेला, रोज लोकलनं बडनेऱ्याला जाणाऱ्या पोरी. हे रोजच्या पेपरातल्या एका चौकटीत मावत नाही. याला पानं लागतात, आणि गोष्ट वऱ्हाडीतच बोलली पाहिजे.

पानं स्वस्त आहेत. एक ए-फोर कागद तीनदा दुमडा, आठ चौकोन होतात. मधल्या चार चौकोनांच्या मधोमध एक काप द्या, उभा धरून दाबा, आठ पानांची वही तयार. सगळी चित्रं एकाच बाजूला, म्हणजे झेरॉक्सही एकाच बाजूची, आमच्याकडं दोन रुपये.

माझी अशी पहिली वही काकांनी चष्मा लावून पाहिली. कापसाच्या गाडीवाल्या पानावर जरा थांबले. मग म्हणाले, ‘याचे दोन रुपये देतात काय लोक?’

मी पाच सांगितले.