तारामतीने कॅमेरा धरला

नाचणगावच्या आमच्या वस्तीतली एक माउली गेल्या महिन्यात आमच्याकडे आली. तिचा मुलगा दरवर्षी भीमजयंतीच्या नाटकात काम करायचा. आवाज खणखणीत, पाठांतर चोख. नट व्हायचे म्हणून त्याने पुलगावहून मुंबईची गाडी धरली. दोन-तीन मालिकांत गर्दीत उभा राहिला. आता चित्रीकरणाच्या जागी दिवे लावण्याच्या कामावर आहे. माउली म्हणाली, "भाऊ, हिरो व्हाले गेला अन् वायरी ओढून राह्यला. लोकं इचारतात तं काय सांगू?"

खरे सांगायचे तर क्षणभर आम्हालाही वाईट वाटले. नाटकात त्याला सर्वांत जोरात टाळ्या आम्हीच दिल्या होत्या. पण मग आम्ही तिला अण्णा साळुंके यांची गोष्ट सांगितली.

१९१३ साली दादासाहेब फाळके यांनी 'राजा हरिश्चंद्र' काढला. तेव्हा सिनेमाचे काम इतके हलके मानले जाई, की तारामतीसाठी एकही बाई मिळेना. ग्रँट रोडवरच्या एका हॉटेलात साळुंके नावाचा तरुण आचारी होता. पगार महिना १० रुपये. फाळक्यांनी १५ देऊ केले आणि तो तारामती झाला. आपल्या नटांना फाळके सांगत, कुठे काम करता असे कोणी विचारले तर 'हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत' म्हणून सांगा. म्हणजे लोकांना काय सांगायचे, हा प्रश्न तेव्हाही होताच.

पुढे १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये राम आणि सीता या दोन्ही भूमिका साळुंके यांनीच केल्या. एवढे नाव मिळवलेला हा माणूस नंतर कॅमेऱ्यामागे गेला. १९२३ साली तथागतांच्या जीवनावर निघालेल्या 'बुद्धदेव' या मूकपटाचे छायाचित्रण त्यांचे होते. पुढे अभिनय सोडून ते छायालेखकच झाले.

ते काम सोपे नव्हते. कॅमेरा हाताने फिरवावा लागे. सेकंदाला साधारण दोन फेरे, म्हणजे सोळा चित्रे. हात मंदावला तर पडद्यावरची माणसे धावत सुटणार. नट चुकला तर एक प्रसंग बिघडतो, कॅमेरावाला चुकला तर सगळ्यांचीच मेहनत वाया जाते. त्याच 'राजा हरिश्चंद्र'च्या वेळी सरस्वतीबाई फाळके सगळ्या मंडळींचा स्वयंपाक करून फिल्मला भोके पाडायच्या, रसायने तयार करायच्या. पडद्यावर त्या कुठे दिसल्या नाहीत, पण त्यांच्यावाचून तो चित्रपट झालाच नसता.

दुसरी तारामती दुर्गा खोटे. १९३२ चा बोलपट 'अयोध्येचा राजा'. त्यांनी १९३७ साली 'साथी' हा चित्रपट स्वतः काढला. पुढे त्यांच्या संस्थेने लघुपट, जाहिरातपट केले, आणि १९८८ साली घरोघरी पाहिली गेलेली 'वागले की दुनिया' ही मालिकाही त्यांच्याच संस्थेची.

आम्ही कारकून माणूस. फाइल आम्ही तयार करतो, सही साहेबांची असते. म्हणून काय आमचे काम हलके झाले? सिनेमातही तसेच आहे. शेवटी नावे येऊ लागली की आपण उठून चालू लागतो, टीव्हीवाले तर त्याआधीच जाहिरात लावतात. पण त्या नावांमागे शेकडो चुली पेटतात.

माउलीने सगळे ऐकून घेतले आणि एकच विचारले, "पैसे टायमावर देतात काय?"

प्रश्न लाखमोलाचा आहे. या धंद्यात रोजंदारी असते, काम सलग मिळत नाही, पैसे अडकतात. म्हणून आम्ही त्या मुलाला निरोप धाडला: केलेल्या प्रत्येक दिवसाची वहीत नोंद ठेव, कामगार संघटनेचे कार्ड काढ, ठरलेले लिहून घे. आणि नुसत्या वायरीवर थांबू नको, कॅमेरा शिक. पुण्यात प्रभात स्टुडिओच्या जागेवर १९६० पासून सरकारी चित्रपट शिक्षणसंस्था आहे. तिथे छायाचित्रण, ध्वनी, संकलन शिकवतात, राखीव जागाही असतात. आपल्या मुलांनी अर्ज तरी करावा.

परवा ती माउली बाजारात भेटली. शेजारणीला सांगत होती, "पोरगा शिनेमात उजेडाच्या खात्यात हाय."