बाटलीसाठी राज्यघटना

जानेवारीचा शेवटचा आठवडा आला की राज्यघटनेबद्दल बोलताना आपला आवाज आपोआप कीर्तनकाराचा होतो. पण घटना नवी कोरी असताना ती हातात घेऊन कोर्टाची पायरी कोण चढलं, हे पाहिलं की चित्र बरंच कमी सोवळं निघतं.

मुंबईचंच बघा. १९४९ साली मुंबई प्रांताने दारूबंदीचा कायदा केला. गृहमंत्री मोरारजी देसाई. म्हणजे दयामायेची आशा नकोच. १९५० मध्ये घटना लागू झाली आणि त्याच वर्षी फ्राम नसरवानजी बलसारा हे गृहस्थ उच्च न्यायालयात गेले. व्हिस्की, ब्रँडी, वाइन, बिअर, औषधी वाइन, कोलनवॉटर, लव्हेंडर वॉटर हे सगळं बाळगण्याचा आणि वापरण्याचा आपला हक्क सरकारने मानावा, ही त्यांची मागणी. वाण्याकडे द्यावी तशी ही यादी मला फार आवडते. स्वातंत्र्याची व्याख्या करत बसण्यापेक्षा माणूस आपल्या कपाटात काय हवं ते सांगतो आहे.

प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि २५ मे १९५१ रोजी निकाल लागला. कायदा बहुतांशी टिकला. दारूबंदीसाठी राज्याने झटावं असं घटनेचं कलम ४७ च सांगत होतं. पण अल्कोहोल असलेली औषधं आणि प्रसाधनं बंदीतून सुटली. शिवाय मादक पेयांची भलावण करणं हा गुन्हा ठरवणारी तरतूदही गेली, कारण ती भाषणस्वातंत्र्याच्या आड येत होती. थोडक्यात, प्यायची नाही, पण तिचे गोडवे खुशाल गा!

उत्तर प्रदेशातल्या जलालाबादच्या मोहम्मद यासीन यांचं भांडण भाजीचं होतं. गावच्या टाउन एरिया कमिटीने घाऊक भाजीविक्रीचा मक्ता एकालाच देऊन टाकला होता. कलम ३२ मुळे यासीन थेट सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९५२ साली जिंकले. मायबाप सरकारकडे अर्ज करायची सवय असलेल्या देशात एक भाजीवाला कमिटीला दिल्लीत खेचतो, हा बदल मला कुठल्याही भाषणापेक्षा मोठा वाटतो. हेतू स्वार्थी होता? असेना.

सरकारचीही शिकवणी चालली होती, आणि ती जास्त कडू होती. मुंबईहून निघणाऱ्या रोमेश थापर यांच्या ‘क्रॉसरोड्स’ साप्ताहिकावर मद्रास सरकारने घातलेली बंदी मे १९५० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली. जमीनदारी निर्मूलनाचा बिहारचा कायदा पाटणा उच्च न्यायालयात अडकला. नेहरू वैतागले आणि जून १९५१ मध्ये, घटनेला दीड वर्षही झालं नसताना, पहिली दुरुस्ती झाली. ती करणारी संसद हंगामी होती, जनतेने थेट निवडलेली नव्हती. हे मला आजही खटकतं.

तरीही निकाल नुसत्या हुकमाने गुंडाळता आला नाही. विधेयक आणावं लागलं, संसदेत विरोधक श्यामाप्रसाद मुखर्जींचा मारा सोसावा लागला. अभिव्यक्तीवर बंधनं घालायला नवी कारणं मिळाली, पण ती बंधनं वाजवी असली पाहिजेत, ही अटही त्याच दुरुस्तीत आली. ती वाजवी आहेत की नाहीत, हे ठरवणं न्यायालयाच्या हाती गेलं आणि पुढच्या प्रत्येक सरकारला त्याचा जाब तिथे द्यावा लागला.